लाइट बंद कर रे

माझ्याकडे आलेलं हे पत्र बरंच मोठं आहे, त्याचा गोषवारा असा. लिहिणारी मुलगी 28 वर्षांची, नागपूरची. वडिलांचा तिथल्या महाल भागात व्हिडिओ शूटिंगचा धंदा होता, 1989 ते 2004. तीन वर्षांपूर्वी ते गेले. घराच्या माळ्यावर पत्र्याच्या पेटीत त्यांच्या 41 व्हीएचएस कॅसेट सापडल्या. बहुतेक लग्नाच्या, गिऱ्हाइकांनी कधी न नेलेल्या. लेबलांवर वडिलांच्या अक्षरात ‘इतवारी, लग्न, मिक्सिंग बाकी, 800 येणे’ अशा नोंदी. ती स्वतः धरमपेठेतल्या एका स्टुडिओत लग्नांचे हायलाइट एडिट करते आणि रात्री घरी या कॅसेटमधून वीसेक मिनिटांची प्रायोगिक फिल्म जुळवते आहे. गोष्ट नाही, निवेदन नाही, फक्त जुनी दृश्यं आणि कॅमेऱ्यामागून येणारा बाबांचा आवाज.

त्यातली एक कॅसेट आत्याच्या लग्नाची, मे 1994. ते लग्न दीड वर्षात मोडलं. आत्या परत आली, बी.एड. केलं, आज एका गावी शाळेत शिकवते. त्या लग्नाबद्दल घरात कोणी बोलत नाही. कॅसेटच्या शेवटी पाठवणीचा तीन मिनिटांचा शॉट आहे. आत्या रडते आहे, कॅमेरा तिच्या चेहऱ्याजवळ जातो, आणि बाबा लाइटवाल्या पोराला म्हणतात, ‘लाइट बंद कर रे.’ अंधार होतो, पण टेप चालूच राहते, पुढे चाळीस सेकंद नुसते आवाज. तो अंधारातला चेहरा सॉफ्टवेअरने उजळता येतो, असं तिच्या लक्षात आलंय. आई म्हणते, ‘कशाला उकरून राहिली ते जुनं?’ भावाला पुण्यतिथीसाठी गाणी लावलेला नीटनेटका व्हिडिओ हवा आहे. आत्याला यातलं काहीच माहीत नाही.

तिचे प्रश्न तीन. फुटेज मला सापडलंय, तरी आत्याची परवानगी घ्यायची का? बाकीच्या लग्नांतली माणसं कुठे शोधू? आणि तिसरा: ‘हल्ली बाबांचा आवाज आठवायला गेले तर टेपमधलाच ऐकू येतो. माझी खरी आठवण मी पुसून टाकली का?’

---

तुझं पत्र मी दोनदा वाचलं. दुसऱ्यांदा वाचताना ‘सापडलं’ या शब्दाखाली पेन्सिलीने रेघ मारत गेले. तो शब्द फार वेळा आलाय. दुसऱ्याने टिपलेल्या जुन्या चित्रणातून नवी फिल्म जुळवण्याला तुमच्या क्षेत्रात ‘फाउंड फुटेज’ म्हणतात, तिथून तो आला असणार. पण सीताबर्डीच्या गर्दीत पायाखाली रुपया येतो तेव्हा तो सापडलेला असतो, त्याचा धनी कोण ते कळत नाही. पेटीचं तसं नाही. पेटी कोणीतरी भरून, कडी लावून, शिडी चढून वर ठेवलेली असते.

तुझ्या बाबांच्या धंद्यात कोरी कॅसेट म्हणजे भांडवल. गिऱ्हाईक आलं नाही, उरलेले पैसे मिळाले नाहीत, की तीच कॅसेट पुढच्या लग्नाला वापरायची, ही त्या धंद्यातली सरळ रीत. बाबाही तसंच करत. तूच लिहिलंयस की काही कॅसेटच्या शेवटी आधीच्या लग्नाची पंगत पाच-सात सेकंद दिसते आणि मग मुंग्या येतात. म्हणजे पुसणं त्यांना माहीत होतं. तरीही 41 कॅसेट त्यांनी पुसल्या नाहीत. आणि एक गोष्ट तू जाता जाता लिहिलीस, त्यावर मात्र थांबली नाहीस. आत्याच्या कॅसेटच्या कडेचा प्लास्टिकचा छोटा तुकडा तोडलेला आहे, ‘बाकी एकाही कॅसेटचा नाही’. तो तुकडा तोडला की व्हीसीआर त्या कॅसेटवर पुन्हा रेकॉर्ड करत नाही. तो आपोआप तुटत नाही, नखाने किंवा स्क्रू ड्रायव्हरने मुद्दाम तोडावा लागतो. ही कॅसेट कोणाच्या हातून चुकूनही पुसली जाऊ नये, असं कोणीतरी ठरवलं होतं.

म्हणून तुझ्या पहिल्या प्रश्नाची मांडणीच मला बदलावीशी वाटते. सापडलेल्या गोष्टीवर माझा हक्क किती, हा प्रश्न जरा बाजूला ठेव. हे कोणी राखलं, कोणासाठी राखलं आणि राखताना काय झाकलं, ते आधी बघ.

कारण झाकलंय, आणि तेही तुझ्या डोळ्यांसमोर. ‘लाइट बंद कर रे.’ धंदा करणाऱ्या माणसाच्या दृष्टीने पाठवणी म्हणजे अख्ख्या कॅसेटमधला हुकमी प्रसंग. गिऱ्हाइकाला नवरीचं रडणं हवंच असायचं. हॅलोजनचा झगझगीत उजेड थेट तोंडावर, रडणारीला डोळेही उघडता येत नसत. शंभर लग्नांत बाबांनी तो लाइट तसाच ठेवला असेल. बहिणीच्या वेळी बंद करायला सांगितला. कॅमेरा मात्र बंद केला नाही. खांद्यावरचा तो जड कॅमेरा तसाच धरून ते अंधारात चाळीस सेकंद उभे राहिले. त्या काळच्या व्हीएचएस कॅमेऱ्याला अंधारात जवळजवळ काही दिसत नाही, हे त्यांच्याइतकं कोणाला ठाऊक असणार? बघायचं नाही, पण सोडूनही जायचं नाही, असा काहीतरी तो निर्णय होता. तू ज्याला कच्चं फुटेज म्हणतेस, त्यात दिग्दर्शकाचा एक पक्का निर्णय आधीच झालेला आहे.

तो चेहरा उजळू नकोस. हे मी सल्ला म्हणून नाही, विनंती म्हणून लिहिते. आत्याने हो म्हटलं तरी उजळू नकोस. पडद्यावर काळोख, त्यात राखाडी मुंग्या, बांगड्यांचा आवाज, कोणाचं तरी ‘चला, उशीर होऊन राहिला’, आणि बाबांचा श्वास. हे चाळीस सेकंद पूर्ण, एकही फ्रेम न कापता ठेवलेस तर तुझ्या वीस मिनिटांचा कणा तिथेच आहे. दिवसभर हायलाइट कापणाऱ्या हाताला चार सेकंदांनंतर कट मारायची सवय लागते. बाबांच्या फुटेजवर ती सवय चालवू नकोस. त्यांचे शॉट लांब आहेत, कारण त्यांना प्रत्येक पाहुणा दिसायला हवा होता. ती लांबी हीच त्यांची शैली. आणि आजकाल मिळतात ते बनावट ओरखडे, खोट्या रेघा, जुन्या टेपचा फिल्टर, यातलं काही त्यावर घालू नकोस. अमेरिकन दिग्दर्शक बिल मॉरिसनची ‘डेकेशिया’ ही 2002 ची फिल्म पूर्णपणे जुन्या सिनेमांच्या कुजत चाललेल्या नायट्रेट रिळांवर उभी आहे. ती पाहताना पोटात कालवतं, कारण ते डाग खऱ्या काळाने पाडलेले आहेत. तुझ्या कॅसेटवर नागपूरच्या तीसेक उन्हाळ्यांनी जे केलंय तेवढं पुरे.

उन्हाळ्यावरून आठवलं, कॅसेट अजून माळ्यावर असतील तर आज खाली उतरव. मे महिन्यात पारा पंचेचाळीसच्या वर जातो तेव्हा वरच्या माळ्याची भट्टी होते. खालच्या खोलीत, कपाटात, पुस्तकांसारख्या उभ्या ठेव, टेप पूर्ण एका बाजूला गुंडाळलेली. कॅसेटच्या खिडकीतून आत पांढरी भुकटी किंवा जाळं दिसलं तर ती कॅसेट चालवू नकोस. ती बुरशी व्हीसीआरच्या हेडला, म्हणजे टेप वाचणाऱ्या भागाला, लागते आणि तिथून पुढच्या प्रत्येक कॅसेटमध्ये जाते. ती वेगळी काढून जाणकाराकडूनच साफ करून घे. बाकीच्या एकदा पूर्ण पुढे आणि पूर्ण मागे फिरवून मगच लाव. व्हीसीआर जपून वापर, कारण जपानमधल्या शेवटच्या कंपनीने ते बनवणं जुलै 2016 मध्ये थांबवलं. आता जे आहेत ते दुरुस्त करत चालवायचे. कॉम्प्युटरवर घेताना मूळ सिग्नल जसा आहे तसा घे, सेकंदाला 25 फ्रेम, इंटरलेस्ड, म्हणजे प्रत्येक फ्रेम एकाआड एक रेघांच्या दोन भागांत. ज्या काही सुधारणा करायच्या त्या प्रतीवर. डीव्ही या डिजिटल व्हिडिओच्या फॉरमॅटमध्ये तासाला साधारण 13 जीबी लागतात. 41 कॅसेट प्रत्येकी तीन तासांच्या धरल्या तर सोळाशे जीबी होतात. दोन टीबीच्या दोन हार्ड डिस्क घे, आणि दुसरी भावाच्या घरी ठेव. ती त्याच्याकडे राहिली तर तुमच्या दोघांच्या भांडणावरही थोडा उतारा पडेल, असं मला वाटतं.

भावाचं आणि तुझं भांडण मला खरं भांडण वाटत नाही. त्याला बाबा हवेत, तुलाही बाबाच हवेत. पुण्यतिथीला जमणाऱ्या काका-मामांसाठी दहा मिनिटांचा साधा व्हिडिओ तू दोन रात्रींत करून देशील. तो मनापासून कर, आणि तुझी फिल्म वेगळी ठेव. दोन्ही एकात बसवायला गेलीस तर दोन्ही बिघडतील.

आईचं तसं नाही. ‘कशाला उकरून राहिली’ या वाक्याला तू फिल्मचा विरोध समजलीस. त्या माउलीने फिल्म पाहिलेलीच नाही. रात्री अकराला शेजारच्या खोलीतून गेलेल्या नवऱ्याचा आवाज येतो, ‘इकडे पाहा, ताई, इकडे पाहा’, तोही पुन्हा पुन्हा, कारण तू तोच तुकडा मागेपुढे करते आहेस. हे ऐकत पडून राहणं कसं असेल? उद्यापासून हेडफोन लाव. मग एखाद्या दुपारी तिला विचारून एक कॅसेट तिच्यासोबत बस आणि बघ. एडिट केलेलं नको, कच्चं. आधी आवाज बंद ठेव आणि वाढवायचा की नाही ते तिच्यावर सोड. माझा अंदाज असा की ती बाबांपेक्षा बाकीच्यांबद्दलच बोलेल: ही कोण, ती कोणाची, हा पोरगा पुढे कुठे गेला. ते लिहून घे. तुझ्या दुसऱ्या प्रश्नाचं अर्धं उत्तर तिच्याकडे आहे.

अनोळखी लग्नांबद्दल आधी कायदा सांगते, कारण त्यात बहुतेकांची गफलत होते. 1957 च्या कॉपीराइट कायद्यानुसार, पैसे देऊन करवून घेतलेल्या फिल्मचा पहिला मालक, वेगळा करार नसेल तर, करवून घेणारा असतो. म्हणजे 800 रुपये येणे असले तरी ते लग्न बाबांच्या मालकीचं होतंच असं नाही. मिक्सिंग झालेल्या कॅसेटमध्ये वरातीवर, रुखवतावर सिनेमाची गाणी चढवलेली असतील, त्यांचे हक्क पुन्हा वेगळे. तो आवाज काढून टाक किंवा मिक्सिंग न झालेल्या कॅसेटच वापर. महोत्सवाला पाठवायची वेळ आली तर वकिलाला एकदा दाखव.

पण तुझा प्रश्न कायद्याचा नव्हता, आणि माझं उत्तरही नाही. या प्रकारच्या सिनेमाच्या दोन वाटा मला दिसतात. एक एस्फिर शुब यांची. या सोव्हिएत संकलक बाईंनी 1927 साली रशियाच्या झारच्या घरगुती रिळांतून आणि जुन्या बातमीपटांतून रोमानोव्ह घराण्याच्या पतनाची फिल्म केली. दरबारी कॅमेऱ्याने कौतुकाने टिपलेली चैन त्यांनी राबणाऱ्या माणसांशेजारी ठेवली आणि चित्राचा अर्थ उलटला. दुसरी वाट हंगेरीच्या पेटर फोरगाच यांची. त्यांनी 1983 साली बुडापेस्टमध्ये लोकांच्या घरगुती फिल्मचा संग्रह सुरू केला. ते घरच्यांशी बोलत, कोण कोणाचं हे विचारत आणि त्या माहितीवर फिल्म रचत. शुब यांची वाट मला मनापासून आवडते. पण राजाच्या हातून अर्थ हिसकावून घेणं वेगळं. इतवारीतल्या लग्नात नव्या साडीत अवघडून बसलेल्या एकोणीस वर्षांच्या मुलीकडून काय हिसकावणार? तिच्या बाबतीत दुसऱ्या वाटेनेच जायला हवं.

आणि नागपुरात ती वाट वाटते तितकी अवघड नाही. लेबलवर मोहल्ला आहे, तारीख आहे, मंगल कार्यालयाचा फलक फुटेजमध्ये असणार. महाल-इतवारीत अजून अशी घरं आहेत जिथे तिसऱ्या पिढीला समोरच्या घरातल्या सुनेचं माहेर माहीत असतं. फोनमध्ये वरातीतला एखादा साधा फोटो घे. नवरीचा चेहरा घेऊन गल्लोगल्ली फिरू नकोस. बँडवाल्यांना विचार, जुन्या कार्यालयाच्या व्यवस्थापकाला विचार. घर सापडलं की त्यांच्या हातात आधी पेन ड्राइव्ह ठेव, परवानगीचा कागद मागाहून काढ. त्या लग्नात कोणाचे आजोबा चालताना दिसत असतील, आणि घरच्यांकडे त्यांचा हलता-बोलता एक तुकडाही नसेल. ते ‘800 येणे’ सोडून दे. कोणी देऊ केलेच तर चहा घे. सगळी घरं सापडणार नाहीत. पाच सापडली तरी फिल्मसाठी भरपूर.

जी सापडणार नाहीत त्यांचे चेहरे वापरू नकोस. याने हात बांधल्यासारखे होतील, पण चेहरा काढला की लग्नात काय उरतं ते एकदा बघ तरी. अंतरपाटाच्या खालून दिसणारे पाय. अक्षता धरून घामेजलेल्या मुठी. मंगलाष्टकं लांबल्यावर कॅमेरा कंटाळून वर पंख्याकडे जातो तो क्षण. लाइटवाल्या पोराची भिंतीवरची सावली, वायर सोडवतानाची. दिग्दर्शिका पायल कपाडियांच्या 2021 च्या ‘अ नाइट ऑफ नोइंग नथिंग’ या माहितीपटात पत्रं लिहिणारी विद्यार्थिनी ‘एल’ एवढ्या एकाच अक्षराने आपल्याला भेटते. तिचं नाव कळत नाही म्हणून ती कुठेही दूरची वाटत नाही.

तू लिहिलंयस त्या तीन कॅसेटच्या शेवटी उरलेल्या टेपवर बाबांनी टिपलेली मारबतीची, म्हणजे पोळ्याच्या दुसऱ्या दिवशीची पुतळ्यांची, मिरवणूक मात्र बिनधास्त वापर. ते रस्त्यावरचं, सगळ्यांसमोरचं आहे. आणि बडग्यांवर, म्हणजे त्यातल्या पुतळ्यांवर, त्या त्या वर्षाच्या रागाचे विषय लिहिलेले असतात, ते फुटेज शहराच्या दृष्टीने मोलाचं आहे. त्यातल्या पाट्या वाचता येतील एवढा वेळ पडद्यावर ठेव.

आता तुझा तिसरा प्रश्न. तो तू पत्राच्या शेवटी घाईत लिहिलास, पण मला वाटतं पत्र त्याच्यासाठीच होतं.

आठवण ही पेटीतल्या कॅसेटसारखी एका जागी पडून असते आणि टेपने तिच्यावर रेकॉर्ड केलं, असं तू धरून चाललीस. आठवण तशी नसते. दर वेळी आठवताना ती नव्याने जुळते, आणि जुळताना हाताशी असेल ते घेते. 2002 साली प्रसिद्ध झालेल्या एका प्रयोगात 20 जणांना त्यांच्याच लहानपणीचे, पण बनावट जोडलेले फोटो दाखवले होते; फोटोत ते गरम हवेच्या फुग्यात बसलेले. तशी सफर कधी झालेलीच नव्हती, तरी काही भेटींनंतर त्यातल्या निम्म्यांना ती थोडीफार ‘आठवू’ लागली. चित्राची ताकद एवढी. तेव्हा तुझं भय खोटं नाही. रोज रात्री दोन तास टेपमधला आवाज ऐकलास तर आधी तोच कानी येणार.

पण पुसून गेलं असं म्हणू नकोस. माझ्याकडे आईच्या आवाजाची एक ऑडिओ कॅसेट होती, उन्हाळ्यातल्या दुपारी ती ओव्या म्हणत असतानाची. ती कॉम्प्युटरवर घेतली आणि मागची घरघर त्रास देते म्हणून सॉफ्टवेअरने साफ केली. आवाज स्वच्छ झाला, काचेसारखा. आणि आई त्यातून निघून गेली. बऱ्याच दिवसांनी उमगलं की ती घरघर आमच्या कूलरची होती. ओला वाळा, पाण्याची टपटप, पत्र्याचा थरथराट, त्या आवाजात आई बसलेली होती. मूळ कॅसेट तोवर टाकून दिली होती. ते मला अजून लागतं. पण एक झालं. कूलर पुसला गेल्याचं मला कळलं, ते कशावरून? माझ्या आत तो होता म्हणूनच ना. टेपमध्ये काय नाही हे ज्या जागेवरून कळतं, तीच तुझी आठवण.

म्हणून पंधरा दिवस टेप लावू नकोस. एक वही घे आणि कॅमेऱ्यात कधीच न आलेले बाबा लिही. ते तर कायम कॅमेऱ्यामागे होते, तेव्हा टेपमध्ये नसलेलंच जास्त निघेल. लग्नाहून रात्री दोनला परतल्यावर दाराशी बूट काढण्याचा आवाज. खांद्यावर कॅमेऱ्याने पडलेला वळ. खिशातून निघणारी, रुमालात गुंडाळलेली बुंदी. हे मी माझ्या मनाने लिहितेय, तुझं वेगळं असेल. फिल्ममध्ये त्यातलं एक अक्षरही आलं नाही तरी चालेल.

या पत्रासारखीच पत्रं मला अधूनमधून येतात, कोणाकडे आजोबांच्या डायऱ्या, कोणाकडे जुन्या मोबाइलमधले निरोप. त्यांनाही हेच सांगेन: आधी सुरक्षित प्रत काढा, आणि जोडकाम सुरू करण्याआधी वही भरा. एकदा जोडकाम सुरू झालं की उलटं फिरता येत नाही.

आता आत्या. परवानगी घ्यायची का, या प्रश्नावर मला एका ओळीपेक्षा जास्त बोलावंसं वाटत नाही: घ्यायची, आणि ती नाही म्हणाली तर तो शॉट नाही. पण विचारायची रीत महत्त्वाची. फोनवर नको, क्लिप पाठवून तर मुळीच नको. तू मनात पक्कं करून ठेवलंयस की ती हे पाहून मोडून पडेल. मला तसं वाटत नाही. तीस वर्षांत त्या बाईने स्वतःचं आयुष्य उभं केलं, वर्गातली पन्नास पोरं सांभाळते. गप्प तुम्ही आहात; ती गप्प आहे की तिला कोणी विचारलंच नाही, हे तुला ठाऊक नाही. आणि तो तुकडा बाबांनीच तोडला असेल, हाही नुसता अंदाज. परत आल्यावर तिने कधी ती कॅसेट मागितली असेल, लावून पाहिली असेल, स्वतःच्या नखाने तोडला असेल. किंवा बाबांनी सगळंच पुसून टाकायचं ठरवलं असेल आणि ती ‘राहू दे दादा’ म्हणाली असेल.

शाळेला सुट्टी असेल अशा दिवशी जा. लॅपटॉप घेऊन जाऊ नकोस. ती कॅसेट तेवढी घे, सुती कापडात गुंडाळून, बसमध्ये उन्हाच्या बाजूच्या खिडकीशी न ठेवता. जेवणं झाली की तिच्या हातात दे. लेबल बाबांच्या अक्षरात आहे, ते ती आधी वाचेल. मग कॅसेट उलटी करून कडेला बोट फिरवते का ते बघ, आणि विचार, आत्या, हा तुकडा कोणी तोडला?